जपानच्या सम्राटाला आडनावच नाही, मग नंदुरबारमध्ये इतके पाडवी, गावित, वळवी कुठून आले?

नोव्हेंबर २०२४. विधानसभा निवडणुकीचा निकाल लागत होता. अक्कलकुवा मतदारसंघात एका बाजूला माजी आदिवासी विकास मंत्री के. सी. पाडवी, दुसऱ्या बाजूला शिवसेनेचे आमश्या पाडवी. जिंकले आमश्या पाडवी. शेजारच्या शहाद्यात निवडून आले राजेश पाडवी. त्याच्या पाचेक महिने आधी लोकसभेला खासदार झाले होते गोवाल पाडवी, आणि त्यांनी हरवलं होतं हीना गावित यांना. नंदुरबार शहराच्या जागेवर विजयकुमार गावित.

निकालाचा स्क्रीनशॉट ग्रुपवर टाकला तसा पुण्याच्या एका मित्राचा मेसेज आला, "तुमच्याकडे अख्खा जिल्हा दोनच घरांत वाटलाय का रे?"

त्याचं चुकलं नव्हतं. बाहेरून बघणाऱ्याला तसंच वाटणार. पण या यादीत के. सी. पाडवी आणि गोवाल पाडवी हे बापलेक, विजयकुमार गावित आणि हीना गावित हे बापलेक, आणि बाकी पाडव्यांना या घराशी जोडणारं फक्त आडनाव. सलग नऊ वेळा नंदुरबारमधून लोकसभेवर गेलेले माणिकराव गावितही गावितच, पण त्यांचं घर वेगळं. नातं शोधायचं तर आडनाव नाही, मधलं नाव बघायचं. के. सी. म्हणजे कागडा चांद्या पाडवी. खासदारांचं पूर्ण नाव गोवाल कागडा पाडवी. झालं, लागला हिशेब.

मग या आडनावाचं काम काय? त्याला उत्तर द्यायला आधी जरा लांब जावं लागेल. थेट टोकियोला.

तर जपानच्या सम्राटाचं नाव नारुहितो. पूर्ण नावही नारुहितोच. पुढे काही नाही, मागे काही नाही. आडनावाचा रकाना त्यांच्या आयुष्यात कधी आलाच नाही. सामान्य जपानी माणसाची नोंद 'कोसेकी' नावाच्या कुटुंब नोंदवहीत असते, राजघराण्याची नोंद त्यात नसते. त्यांच्यासाठी 'कोतोफू' नावाची वेगळी वंशावळ आहे. सम्राट आणि सम्राज्ञीला परदेशात जायला पासपोर्टही लागत नाही.

कारण ऐकायला सोपं आहे. जुन्या जपानमध्ये कुळाचं नाव आणि पदवी द्यायचा अधिकार सम्राटाचा. जो सगळ्यांना नाव देतो, त्याला कोण देणार? उलट घरातल्या माणसाला बाहेर काढायचं असेल तर त्याला आडनाव दिलं जायचं. इसवी सन ८१४ मध्ये सम्राट सागा यांनी आपल्या काही मुलांना 'मिनामोतो' हे नाव दिलं, आणि त्या क्षणी ती मुलं राजपुत्र राहिली नाहीत, प्रजा झाली. पुढे जपानवर शोगुन म्हणून राज्य करणारे मिनामोतो आले ते याच नावाच्या एका शाखेतून, ही वेगळी गंमत.

हा नियम आजही चालू आहे. २६ ऑक्टोबर २०२१ ला सम्राटांची पुतणी माको हिने कॉलेजमधल्या मित्राशी, केई कोमुरो याच्याशी लग्न केलं. त्या दिवशी तिचं राजकन्यापद गेलं आणि वयाच्या तिसाव्या वर्षी तिला पहिल्यांदा आडनाव मिळालं, कोमुरो. उलट दिशेचा प्रवास आताच्या सम्राज्ञी मासाको यांचा. त्या ओवादा घरातल्या, राजनैतिक अधिकारी. १९९३ मध्ये लग्न झालं आणि ओवादा हे आडनाव सुटलं. दुसऱ्या महायुद्धानंतर, ऑक्टोबर १९४७ मध्ये राजघराण्याच्या ११ शाखांमधल्या ५१ जणांना एकदम सामान्य नागरिक केलं गेलं, तेव्हा त्यांनाही आडनावं घ्यावी लागली. तुम्ही बातम्यांत 'युवराज अकिशिनो' वाचलं असेल. ते आडनाव नाही, राजघराण्याच्या शाखेला सम्राटाने दिलेलं नाव आहे. म्हणजे पदवीच.

राजाचं एवढं. प्रजेचं काय? जपानमध्ये एदो काळात सामान्य शेतकऱ्याला अधिकृतपणे आडनाव लावायची परवानगी नव्हती, तो मान सामुराईंचा. खासगीत अनेक घरं नावं वापरायची, पण सरकारी कागदावर नाही. १८७० मध्ये नव्या सरकारने परवानगी दिली. लोकांनी फारसं मनावर घेतलं नाही. मग फेब्रुवारी १८७५ मध्ये आडनाव सक्तीचं केलं. घाई कोणाला होती? लष्कराला. १८७३ पासून सक्तीची सैन्यभरती सुरू झाली होती, आणि एकाच गावात एकाच नावाचे पाच तरुण असतील तर बोलवायचं कोणाला? म्हणून ताबडतोब आडनाव हवं. घराण्याचा अभिमान वगैरे नंतर आला. ज्यांच्याकडे आडनाव नव्हतं, त्यांच्यासाठी शेतशिवार कामाला आलं. 'तानाका' म्हणजे भातशेतीच्या मध्ये, 'यामामोतो' म्हणजे डोंगराच्या पायथ्याशी.

हे वाचून कोणाला आपलंच काही आठवलं असेल तर बरोबर आहे. होळ गावचे ते होळकर. फलटणच्या राजघराण्याचं मूळ आडनाव पवार सांगतात, निंबळक गावावरून ते निंबाळकर झाले. आपल्या बहुतेक 'कर' मंडळींची गोष्ट ही अशी पत्त्याची गोष्ट आहे. आणि सम्राटासारखं, पदवीलाच नाव करणंही आपल्याकडे आहे. छत्रपती शिवाजी महाराजांच्या वंशाच्या दोन गाद्या. साताऱ्याचे खासदार उदयनराजे आडनाव लावतात भोसले. कोल्हापूरच्या खासदारांचं २०२४ च्या निकालपत्रातलं नाव मात्र 'छत्रपती शाहू शहाजी'. भोसले हा शब्दच नाही.

आता परत सातपुड्यात येऊ.

राजघराण्याचंच घ्यायचं तर अक्कलकुवा तालुक्यातलं काठी. इथली राजवाडी होळी बघायला दरवर्षी हजारो लोक डोंगर चढून जातात, रील्सवर तुम्ही मोरपिसांचे टोप आणि कमरेला घुंगरं बांधलेले नाचणारे पाहिले असतील. काठी हे इंग्रजांच्या काळातल्या खानदेशातल्या छोट्या मेवासी संस्थानांपैकी एक. संस्थानं गेली, शब्द उरला. तळोद्याच्या वनविभागाचं नाव आजही 'मेवासी वनविभाग' आहे. तर या काठीच्या राजघराण्याचं आडनाव आहे पाडवी. आणि होळीला खांद्यावर ढोल घेऊन येणाऱ्या साध्या शेतकऱ्याचंही पाडवी असू शकतं. जपानमध्ये आडनाव राजा आणि प्रजा यांच्यातली भिंत आहे. इथे राजाला आणि प्रजेला एकच आडनाव.

कसं काय? कारण इथली बरीच आडनावं घराण्याची नाहीतच. समूहाची आहेत.

हे मी सांगत नाही, सरकारी यादी सांगते. राज्यघटनेच्या कलम ३४२ नुसार कोणत्या राज्यात कोण अनुसूचित जमात, याची यादी राष्ट्रपतींच्या आदेशाने निघते. पहिला आदेश ६ सप्टेंबर १९५० चा. महाराष्ट्राची यादी उघडा आणि नंदुरबारच्या एखाद्या शाळेची हजेरी शेजारी ठेवा. यादीत भिल्लांच्या नोंदीत मेवासी भिल, तडवी भिल, भिलाला यांच्यासोबत नावं आहेत पावरा, वसावा, वसावे. आणखी एका नोंदीत गामित, गामता, गावित, मावची, पाडवी. तिसरीकडे धानका, तडवी, तेतरिया, वळवी. म्हणजे पावरा, वसावे, गावित, पाडवी, तडवी, वळवी ही सगळी कायद्याच्या भाषेत जमातींची किंवा त्यांच्या गटांची नावं आहेत. तीच हजेरीत आडनावं आहेत. २०११ च्या जनगणनेनुसार जिल्ह्यातले सुमारे ६९ टक्के लोक अनुसूचित जमातीचे. मग प्रत्येक पानावर तीच पाच-सहा आडनावं येणार, त्यात घराणेशाही शोधून काय मिळणार?

वसावा आणि वसावे अशी दोन रूपं का, हेही बघण्यासारखं आहे. सीमेपलीकडे गुजरातमध्ये ते वसावा. भरूचचे खासदार मनसुखभाई वसावा यांचं नाव ऐकलं असेल. अलीकडे अक्कलकुव्यात तेच वसावे. तसंच पलीकडे व्यारा-सोनगडला गामित, अलीकडे नवापूरला गावित. माणसं तीच, सोयरीक दोन्हीकडे, मधून राज्याची हद्द गेली आणि एकीकडे गुजराती शाळेने नाव लिहिलं, दुसरीकडे मराठी शाळेने. पावरांचं तर सीमा ओलांडल्यावर नावच बदलतं, मध्य प्रदेशात बडवानीकडे त्यांना बारेला म्हणतात.

मग कुळ नाहीच का? आहे ना. भिल्ल आणि पावरा समाजात कुळं आहेत, अनेक कुळांची देवकं आहेत, झाड किंवा प्राणी. मोराला मानणारं कुळ मोराला मारत नाही. आणि कुळाचा नियम कडक. एका कुळात लग्न होत नाही. धडगावच्या एखाद्या पत्रिकेत नवरा पावरा आणि नवरीही पावरा दिसली की बाहेरचा माणूस भुवया उंचावतो. पत्रिकेवर जे लिहिलेलं नाही ते दोन्ही घरांनी कधीच विचारून घेतलेलं असतं. कुळ वेगळं आहे म्हणूनच मांडव पडलाय.

म्हणजे बघा, जे नाव लग्न ठरवताना लागतं ते बहुतेक वेळा कागदावर नाही. आणि जे कागदावर आहे त्यावरून लग्न ठरत नाही. लहान मुलाचं नाव ज्या वारी जन्मला त्यावरून ठेवायची पद्धत इथे होती, सोम्या, मंगळ्या, बुध्या, शुक्ऱ्या. गावात तेवढं पुरायचं. मंगळ्या कोणाचा, तर बापाचं नाव सांगायचं. तिसऱ्या नावाची गरज पडते ती शाळेच्या रजिस्टरला, तलाठ्याला, रेशन दुकानाला. काही घरांत 'भिल' हा शब्दच आडनाव म्हणून लागलेला आहे. आडनावाच्या रकान्यात जमात गेली आणि तिथेच राहिली.

आता इथपर्यंत सगळं गमतीचं वाटतंय. अडचण पुढे आहे.

बारावीनंतर इंजिनिअरिंग किंवा मेडिकलला राखीव जागेवर प्रवेश हवा, सरकारी नोकरी हवी, राखीव जागेवरून निवडणूक लढवायची, तर महाराष्ट्रात नुसता जातीचा दाखला पुरत नाही. जात वैधता प्रमाणपत्र लागतं, ज्याला सगळे 'व्हॅलिडिटी' म्हणतात. त्यासाठी आदिवासी विकास विभागाच्या तपासणी समित्या आहेत, त्यातली एक नंदुरबारलाच. १९९४ मध्ये माधुरी पाटील प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने या तपासणीची पद्धत घालून दिली, पुढे राज्याने कायदा केला, तो २००१ पासून लागू आहे. या कायद्यात आपली जमात सिद्ध करायची जबाबदारी अर्जदाराची.

आणि इथे तुम्ही म्हणाल, मग सोपंच आहे की. आडनाव पाडवी, यादीत पाडवी, द्या व्हॅलिडिटी.

तसं होत नाही. आडनाव पाडवी असलेल्या माणसाच्या दाखल्यावर जमात 'भिल' असू शकते. वळवी आडनाव, दाखल्यावर भिल, हेही सहज सापडतं. यादीतली 'पाडवी' ही नोंद गामित-गावित गटातली आहे, 'वळवी' ही धानका गटातली. तडव्यांचं तर आणखी अवघड. 'तडवी भिल' भिल्लांच्या नोंदीत, नुसतं 'तडवी' धानकांच्या नोंदीत. नर्मदेकाठचे तडवी वेगळे आणि जळगावकडचे, यावल-रावेर भागातले मुस्लिम तडवी भिल वेगळे. नाईक हे आडनाव घ्या. भिल्लांत नाईक म्हणजे म्होरक्या, बंजारा तांड्याचा प्रमुखही नाईक, गोव्यात नाईक वेगळेच. मोरे, पवार, ठाकरे, सोनवणे ही आडनावं भिल्लांत आहेत आणि इतर कितीतरी जातींतही आहेत. आडनावावरून जात ओळखायची आपली सवय इथे सपशेल आपटते, आणि माझ्या मते आपटली ते बरंच झालं.

समितीला म्हणून आडनाव चालत नाही, जुना कागद लागतो. ६ सप्टेंबर १९५० च्या आधीचा असेल तर सगळ्यात बरा. आजोबा किंवा पणजोबांच्या शाळेच्या दाखल-खारिज रजिस्टरची नोंद, महसूलचा उतारा, किंवा गाव नमुना १४, म्हणजे जन्म-मृत्यूची नोंद असलेलं कोतवाल बुक. आता विचार करा. सातपुड्याच्या एखाद्या पाड्यावरचा माणूस. १९५० च्या आधी तिथे शाळा होती का? असलीच तर आजोबा तिच्यात गेले का? गेले असतील तर मास्तरांनी काय लिहिलं? एका कागदावर 'शुक्ऱ्या मंगळ्या भिल', दुसऱ्यावर 'शुक्ऱ्या मंगळ्या पाडवी', आधार कार्डवर इंग्रजीत पाडवीची तीन स्पेलिंगं. माणूस एकच. पण तो एकच आहे हे नातवाने सिद्ध करायचं, वंशावळीचं शपथपत्र देऊन, आणि अनेकदा प्रवेशाची शेवटची तारीख डोक्यावर असताना.

ही तपासणी उगाच आहे असं मात्र मला म्हणायचं नाही. नावातल्या साम्याचा फायदा घेऊन खोटे दाखले काढले गेले, म्हणून तर ती आली. राखीव जागा मर्यादित असतात, एक खोटा दाखला म्हणजे खऱ्या आदिवासी मुलाची एक जागा गेली. २००० मध्ये मिलिंद प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने सांगितलं की यादीत जे नाव जसं आहे ते तसंच वाचायचं. 'हलबा' यादीत आहे म्हणून 'हलबा कोष्टी' त्यात येत नाहीत. यादी बदलायचा अधिकार फक्त संसदेचा, राज्य सरकारचा नाही आणि कोर्टाचाही नाही.

दुसरी बाजू ठाकूर समाजाच्या प्रकरणात दिसली. ठाकूर ही अनुसूचित जमात आहे, आणि ठाकूर हे देशभर वेगवेगळ्या जातींत सापडणारं आडनावही आहे. १९७६ पर्यंत महाराष्ट्रात ही जमात काही जिल्ह्यांतल्या ठरावीक तालुक्यांपुरतीच मान्य होती, मग संसदेने ती अट काढली आणि दावे वाढले. समित्या मग 'आप्तभाव चाचणी' घ्यायच्या. तुमचे देव कोणते, लग्नात काय करता, बोली येते का. शहरात वाढलेल्या मुलाला पणजीच्या गाण्यांवरून प्रश्न. मार्च २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केलं की ही चाचणी म्हणजे शेवटचा निकाल नाही, ती प्रत्येक प्रकरणात घ्यायलाच हवी असंही नाही. कागदपत्रांवर समितीचं समाधान झालं तर तिथेच थांबता येतं.

मुलींचं प्रकरण याहून गुंतागुंतीचं. जमात जन्माने ठरते, लग्नाने बदलत नाही. त्यामुळे दाखला आणि व्हॅलिडिटी माहेरच्या कागदांवर, वडिलांकडच्या नात्यावर. इकडे लग्नानंतर आधार, रेशन कार्ड, बँक खातं सासरच्या आडनावावर गेलेलं. वळवींची मुलगी वसाव्यांकडे दिली आणि पोलीस भरतीच्या फॉर्मवर तिची दोन माणसं झाली. मग राजपत्रात नाव बदलाची नोंद, विवाह नोंदणी दाखला, दोन्ही नावं एकाच व्यक्तीची असल्याचं शपथपत्र. आपल्याकडे लग्नानंतर आडनाव बदलायची सक्ती करणारा कोणताही कायदा नाही, हे इथे ठळकपणे लिहून ठेवतो. मुलींनो, नोकरीचा किंवा शिक्षणाचा विचार असेल तर व्हॅलिडिटी हातात येईपर्यंत नाव बदलू नका. आलं तरी बदलायलाच हवं असं नाही.

जपानमध्ये उलट आहे. तिथे नवरा-बायकोचं आडनाव कायद्याने एकच लागतं. कोणाचं घ्यायचं हे जोडप्याने ठरवायचं, पण सुमारे ९५ टक्के वेळा बायकोच बदलते. बायका कोर्टात गेल्या. २०१५ मध्ये आणि पुन्हा २०२१ मध्ये तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने हा कायदा घटनेला धरूनच आहे असं सांगितलं.

महाराष्ट्राने मार्च २०२४ मध्ये शासन निर्णय काढून नावाचा साचा थोडा बदलला. १ मे २०२४ किंवा त्यानंतर जन्मलेल्या बाळाचं सरकारी कागदांवरचं नाव आता असं लिहायचं: बाळाचं नाव, मग आईचं, मग वडिलांचं, शेवटी आडनाव. नंदुरबारपुरतं बोलायचं तर आईचं नाव आल्याने फरक पडेल असं मला वाटतं. ज्या हजेरीत पानभर पावरा आणि पाडवी आहेत, तिथे बाळ कोणाचं हे आजवर एकटं बापाचं नाव सांगत होतं. आता दोघांची नावं सांगतील. कुळ मात्र अजूनही घरी विचारावं लागेल.